हॅरोतला फणस

"आधी तेल, मग हात," असं म्हणत काकू खोबरेल तेलाची बाटली तळव्यावर उपडी करायच्या, मनगटापर्यंत तेल चोळायच्या आणि मगच सुरी उचलायच्या. कोकणात फणस कापायला बसणाऱ्या माणसाची ही तयारी तुम्हीही पाहिली असेल. काकूंच्या पुढ्यात मात्र फणस नसायचा. लंडनच्या हॅरोत आमच्या गल्लीच्या कोपऱ्यावर एक काटेरी झाड आहे, त्याचं हिरवं, सुरकुतलेलं, मोठ्या मोसंब्याएवढं फळ असायचं. त्याला इथे ओसेज ऑरेंज म्हणतात. संत्र्याशी त्याचं काही नातं नाही आणि ते कुणी खातही नाही.

मी पुण्याहून नोकरीसाठी इथे आले, तेव्हा काकू शेजारच्या घरात एकट्या राहत होत्या. पहिल्याच ऑक्टोबरात त्यांनी मला मागच्या शेडमध्ये नेलं आणि एक फळ चिरलं. पांढरा चीक भळाभळा वाहू लागला.

"ओळखलंस का? अगं, हा फणसाचा भाऊबंद!"

मी फोनवर शोधलं, तर खरंच दोघांचं कूळ एकच निघालं. "मला चीक बघूनच कळलं होतं," काकू म्हणाल्या. तरी तेलकट बोटांनी माझा फोन धरून त्यांनी ते दोनदा वाचलं.

मला वाटलं, म्हातारपणी काहीतरी हौस. तसं नव्हतं. ही फळं चांगली दणकट. पिकली की खाली उभ्या गाड्यांवर आदळायची. समोरच्या घरातल्या गोऱ्या गृहस्थांच्या गाडीला पोचा पडला, त्यांनी तक्रार केली आणि झाड तोडायचं का, ते बघायला कौन्सिलचा, म्हणजे इथल्या नगरपालिकेचा, माणूस आला. काकूंनी त्याला आत बोलावलं, आल्याचा चहा दिला, बेसनाचा लाडू दिला. असं तेल लावून झाल्यावर मुद्द्याला हात घातला, "फळ खाली पडलंच नाही, तर?" लाडू तोंडात असल्यामुळे असेल, पण तक्रार आली नाही तर झाड राहील, असं तो कबूल करून गेला.

तेव्हापासून दर शरदात फळ पडायच्या आत काकू ते उतरवायच्या. कपडे वाळत घालायच्या काठीला मासे धरायची जाळी बांधून त्यांनी झेला केला होता. वरच्या फांद्यांसाठी मला शिडीवर चढवायच्या. "तू पुण्याची ना? वरून बोलायची सवय असेलच. चढ."

मग शेडमध्ये अढी लागायची. वर्तमानपत्राचे कागद, त्यावर फळं, देठ वर, एकाला दुसरं चिकटलेलं नको. रोज एकेक उचलून बघायचं आणि काळा डाग दिसला की ते बाजूला काढायचं. आंबा पिकावा म्हणून अढी घालतात, काकूंची ही अढी फळ हिरवं राहावं म्हणून. शेडमध्ये काकडीसारखा मंद वास भरून राहायचा. दिवाळीला फराळाच्या डब्याबरोबर घरोघरी एकेक फळ जायचं. "कपाटात ठेव. स्पायडर येत नाहीत." समोरच्या गृहस्थांनाही फळ जायचं, ते पकडण्याआधी तळव्यावर तेल कसं चोळायचं, याच्या प्रात्यक्षिकासकट. ते दारातच अवघडून उभे राहायचे.

एकदा मी काकूंना शेडमधलं एक फळ दाखवलं. त्यावरच कोळ्याने जाळं विणलं होतं. काकूंनी चष्मा वर करून नीट पाहिलं. "भाडेकरू आहे. राहू दे."

"काकू, मग एवढा खटाटोप कशाला? सरळ बिनमध्ये टाकू या ना."

"फेकलं तर कचरा झाला गं तो. कचरा करणारं झाड कौन्सिल कशाला ठेवेल? घरोघरी गेलं, तर चार नातेवाईक तरी होतील त्याचे."

यंदा ऑगस्टमध्ये काकू गेल्या. लेस्टरहून मुलगा आला आणि घर आवरून शेडची किल्ली माझ्याकडे ठेवून गेला. मला त्यांची फार आठवण येते. तरीही ऑक्टोबर लागला आणि मी ऑफिसच्या कामात झाड विसरले.

घरून मीटिंग चालू असताना बाहेर धप्प आवाज झाला. मी तशीच धावले. समोरचे गृहस्थ आपल्या गाडीशी उभे होते. टपावर नवा पोचा होता आणि त्यांच्या हातात फुटलेलं फळ. बोटं चिकाने माखलेली. आता पुन्हा तक्रार, पुन्हा कौन्सिल, आणि या वेळी चहा द्यायला काकू नाहीत. मी सॉरी म्हणायला तोंड उघडलं.

"तिचं ते तेल आहे का तुझ्याकडे?" त्यांनी इंग्रजीत विचारलं.

मी घरातून बाटली आणली. ते बोटं चोळत राहिले, पण चीक काही धड सुटेना.

"आधी लावायचं असतं," मी म्हटलं.

"माहीत आहे. दरवर्षी सांगायची." मग ते मान वर करून फांद्यांकडे बघत राहिले. "वर बरीच आहेत अजून. तिची ती जाळीची काठी कुठे असते?"

मी शेडची किल्ली आणायला वळले, तर त्यांनी थांबवलं आणि दोन्ही तळवे माझ्या हातातल्या बाटलीपुढे धरले.