भिंतीवरचे बाबूजी

मालिकेत मला मारलं, ते मी हसत सोसलं. खरंच हसत. आमच्या धंद्यात मरणाचा सीन झाला की नटाने कॅमेऱ्याकडे बघून हसायचं असतं, अपशकुन टळतो म्हणे. हसलो आणि दिल्लीत मयूर विहारला घरी आलो. वकील, डॉक्टर, हिरॉइनचा बाप असं करत आयुष्य गेलं होतं, पुढचं काम येईल म्हटलं.

आलंही! सिनेमातला निवृत्त मास्तर, पानभर बोलणारा. एरवी मी 'बेटी, ये रिश्ता नहीं हो सकता' एवढं म्हणून बाजूला होणारा माणूस. फक्त मिशी काढायची होती आणि मालिकेने मला मोकळं करायचं होतं.

मालिका सोडेना. मालिकेतल्या सुनेला रडायला माझा हार घातलेला फोटो सेटवरच्या दिवाणखान्यात टांगलेला. फोटो आहे तोवर कधीही फ्लॅशबॅक लागेल, म्हणून मिशी तशीच ठेवा आणि दुसरीकडे काम करू नका, असा हुकूम. फ्लॅशबॅक काही येत नव्हता. अरे, मेलेल्या माणसाला तरी सोडा की! संताप संताप व्हायचा.

"अहो, तुमच्या पिंडाला कावळा शिवत नाहीये," बायको हसून म्हणाली. मग हसू आवरून म्हणाली, "स्वतः जाऊन सांगा. फोनवर तुम्ही फार गोड बोलता."

गेलो नोएडाला. सिनेमावाले त्या दुपारपर्यंतच थांबणार होते. गेटवर गार्डने विचारलं, कोण? म्हटलं, "बाबूजी." "कौन से बाबूजी?" मेल्याला भिंतीवरची मिशी रोज दिसते, माझी दिसेना.

आत निर्माता चहा पीत होता. मी म्हणालो, "सर, फोटो उतार दीजिए. पिक्चर मिली है मुझे."

"बाबूजी, आपकी फोटो से तो घर चल रहा है!" तो म्हणाला आणि मॉनिटरकडे वळला.

आज भांडायचंच, असं मेट्रोत घोकून आलो होतो. तोंड उघडलं, तेवढ्यात दिवे लागले. सून डोळ्यांत ग्लिसरीन घालून आली, फोटोपुढे हात जोडून म्हणाली, "बाबूजी, आप क्यों चले गए?" मी तिच्यापासून हातभर अंतरावर उभा.

कुणीतरी माझी बाही ओढली. "अंकल, साइड हो जाइए. शॉट में आ रहे हो."

मी बाजूला झालो. खिशात फोन थरथरायला लागला. काढून बघितला, सिनेमावाल्यांचाच होता. पण शॉट चालू होता. शॉट चालू असताना मी आजवर कधी फोन उचललेला नाही.