बारा मिनिटांची मॅच

किस्से कुणी ठरवून गोळा करत नाही. ग्राउंडवरची कुसळं सॉक्सला चिकटून घरी येतात ना, तसे ते येतात. टोचलं की कळतं. आमच्या बेसबॉल टीमचे सगळ्यात जास्त किस्से माझ्याच सॉक्सला चिकटलेत, कारण बाकीच्या अकरा जणी बोलत असतात आणि मी बघत असते.

आधी एवढंच सांगते, मी कॅचर आहे. म्हणजे बॅट धरलेल्या मुलीच्या मागे उकिडवं बसून पिचरने टाकलेला बॉल पकडणारी. सगळं ग्राउंड समोर दिसतं अशी टीममधली ती एकटीच. म्हणून बॉल कुठल्या बेसवर, म्हणजे धावणारीने गाठायच्या चार टप्प्यांपैकी कुठे फेकायचा, हे तिनेच ओरडून सांगायचं असतं.

पकडणं मला जमतं. ओरडण्याचं म्हणाल तर वर्गात माझं 'प्रेझेंट सर'सुद्धा शेजारची म्हणते!

*

साताऱ्याकडच्या आमच्या मलकापूरच्या शाळेत बेसबॉल आणला माने सरांनी. ते आम्हाला पी.टी. शिकवतात. "नियम वाचून तुमच्या डोक्यात शिरत नाहीत. मॅच बघायची!" असं म्हणून त्यांनी मोबाइलवर एक अ‍ॅप घेतलं. त्यात परदेशातल्या मॅच होत्या, एकेक तीन तासांची. आमचा तास पस्तीस मिनिटांचा. पहिल्या दिवशी आम्ही त्यांचं राष्ट्रगीत आणि भरपूर जाहिराती बघितल्या.

सरांनी सर्चमध्ये टाकलं, 'बेसबॉल शॉर्ट'. कुत्र्याचं कार्टून आलं.

'बेसबॉल छोटी मॅच' टाकलं. तेच कुत्रं हिंदीत बोलायला लागलं!

शेवटी प्रतीक्षाने हात पुढे केला. प्रतीक्षा म्हणजे आमची पिचर. ती म्हसवडकडची. घरी मेंढरं आहेत, शाळेसाठी इकडे मामांकडे राहते. तिने मॅचच्या नावावर बोट ठेवून स्क्रीन खाली, अजून खाली सरकवत नेली आणि तिला सापडलं. तीच मॅच, पण बारा मिनिटांची.

"सर, ह्यात नुसतं बॉल टाकल्यालं न् मारल्यालं हाय. मदलं काढलंय."

"मधलं म्हणजे काय काढलंय?"

"बिनकामाचं आसंल की!"

सर खूश झाले. आम्हीही.

*

त्या अ‍ॅपला एक वाईट खोड होती. मॅचच्या नावाशेजारीच निकाल लिहिलेला असायचा. सरांना ते अजिबात आवडायचं नाही. "निकाल कळला की तुम्ही मॅच बघत नाही, बघितल्यासारखं करता," असं ते म्हणायचे. म्हणून प्रोजेक्टर सुरू करताना आम्हाला डोळे मिटायला लावायचे. बारा मुली डोळे मिटून बसायच्या आणि प्रत्येकीचा एक डोळा किलकिला!

मग सरांनी युक्ती काढली. भिंतीवर जिथे निकाल यायचा तिथे ते स्वतःच हात पसरून उभे राहिले. तोंड भिंतीकडे, पाठ आमच्याकडे.

"आता बघा! काय दिसतंय?"

त्या दिवशी सरांचा शर्ट पांढराशुभ्र होता.

"सर," मागून ऋतुजा म्हणाली, "पाच-चार. तुमच्या पाठीवर!"

*

ऋतुजा ही टीमची दुसरी कॅचर. तिच्या हातातून बॉल सुटतो, पण आवाज हायवे ओलांडून पलीकडे जातो. माझं बरोबर उलटं.

एक दिवस प्रॅक्टिस संपल्यावर सरांनी मला सगळ्यांसमोर सांगून टाकलं. "जिल्ह्याच्या मॅचपर्यंत थांबतो. त्या दिवशी तुझा आवाज मला बाकावर ऐकू आला पाहिजे. एकदा तरी. नाहीतर पुढे विभागीयला तुझ्या जागी प्लेटमागे ऋतुजा बसेल."

ऋतुजा खाली बघायला लागली. मीही. आम्ही दोघी एकाच ढेकळाकडे बघत होतो.

घरी आले आणि वहीच्या पानावर लिहिलं, 'सर, आपण बारा मिनिटांच्या आठ मॅच बघितल्या. एकाही मॅचमध्ये कॅचर एकदाही बोललेला नाही.' दुसऱ्या दिवशी वही सरांच्या टेबलावर ठेवली आणि पळाले.

वही परत आली. खाली लाल पेनने लिहिलं होतं, 'त्यांचं त्यांना माहीत. आपल्या टीमला बोललेलं लागतं.'

*

प्रतीक्षाचे मामा फौजेत आहेत. ते सुट्टीवर आले की त्यांच्या मोबाइलवर मॅच बघायला मी तिच्या घरी जायची. व्हिडिओखाली जी रेघ पुढे सरकते, तिचा अर्थ पहिल्यांदा मामांनी लावला.

"थांबा. आजून दीड मिनिट शिल्लक हाय. म्हंजी ह्यो गडी आउट हुणार न्हाई!"

खरंच झाला नाही. तेव्हापासून मामा मॅच बघायचेच नाहीत, रेघ बघायचे.

एकदा मात्र रेघेलाही काही सांगता येईना. वीस सेकंद उरलेली, एका रनचा फरक, दोघं आउट, शेवटचा बॉल. निकाल कुठल्याही बाजूला जाऊ शकत होता. मामा गुडघ्यांवर बसलेले. प्रतीक्षाने माझं मनगट इतकं आवळलं होतं की बोटं पांढरी पडली. पिचरने हात मागे नेला...

आणि फोन वाजला! स्क्रीनवर मामींचं नाव.

"मामा, कट करा!"

"कट? मामी हाय ती! मॅच जाऊ दे, माझा जीव जाईल!"

मामांनी फोन उचलला. फोनमधून आणि पलीकडच्या स्वयंपाकघरातून एकदमच आवाज आला, "आवं, च्या निवला!"

फोन ठेवून बघतो तर अ‍ॅपने परस्पर दुसरी मॅच सुरू केली होती.

*

विभागीय स्पर्धा सांगलीला असते. म्हणून सरांनी तिथल्या एका टीमबरोबर सरावाची मॅच ठरवली. ग्राउंड कुपवाडच्या रस्त्याला होतं. कारखान्यांची शिफ्ट सुटली होती आणि गाड्यांवरून जाणारी माणसं थांबून बघत होती. इतक्या लोकांसमोर आम्ही कधी खेळलोच नव्हतो.

पहिल्या बॉलपासून गडबड झाली. मी बॉल परत दिला की प्रतीक्षा लगेच पुढचा टाकायची. समोरची बिचारी हेल्मेट सारखं करतेय, तोवर दुसरा बॉल आलेला! अंपायरनी खेळ थांबवला.

"ए पोरी, शेवटची एसटी चुकतीय काय तुझी?"

आमचं काय चुकतंय ते आम्हाला कळेना. व्हिडिओत तर एक बॉल पडला की लगेच दुसरा असायचा! डाव बदलला की आम्ही जीव खाऊन पळायचो, कारण व्हिडिओत टीम क्षणात बदललेली असायची.

"ह्यांच्या मागं कुत्रं लागलंय काय रं?" गाडीवरचा एक जण दुसऱ्याला म्हणाला.

पण खरी गोष्ट पुढे झाली. ऋतुजा पहिल्या बेसवर पोचली आणि दुसऱ्याकडे पळायच्या तयारीत चार पावलं पुढे जाऊन उभी राहिली. समोरच्या पिचरने बॉल फलंदाजाकडे टाकलाच नाही. गर्रकन वळून पहिल्या बेसवर फेकला. तिथल्या मुलीने तो पकडून बेसबाहेरच्या ऋतुजाला टेकवला. आउट!

ऋतुजा जागची हलली नाही. "हे काय? हे असं नसतं!"

"असतं," अंपायर म्हणाले.

"आम्ही आठ मॅच बघितल्यात. कुणीच असं मागं टाकत नाही!"

"कुठं बघितल्यात?"

"अ‍ॅपवर. बारा-बारा मिनिटांच्या."

अंपायरनी सावकाश आमच्या बाकाकडे मान वळवली. सर बुटाची लेस बांधत होते. त्यांच्या बुटांना लेस नव्हती.

त्यानंतर आमच्या आणखी दोघी तशाच आउट झाल्या. तिसरीनंतर बेस सोडायची कुणाची छाती होईना. आम्ही बेसवर खांबासारख्या उभ्या राहिलो आणि खांब हरतात तशा हरलो.

परतताना बस आष्ट्याच्या पुढे गेली. मग सर मागे वळले.

"प्रतीक्षा, ते मधलं बिनकामाचं म्हणाली होतीस ना? ते सगळं शनिवारपासून बघायचं."

*

तीन शनिवार आम्ही तीन-तीन तासांच्या पूर्ण मॅच बघितल्या. पहिल्या शनिवारी निम्म्या जणी बाकावर डोकं टेकून झोपल्या. दुसऱ्या शनिवारी दिसायला लागलं. पिचर चार-चार वेळा बेसकडे बॉल फेकतो. बॅटवाला उगीच बाजूला होऊन हात झाडतो. आणि कॅचर! तो उठतो, पिचरपर्यंत चालत जातो, ग्लोव्हने तोंड झाकतो आणि बोलतो. एका मॅचमध्ये सहा वेळा! बारा मिनिटांच्या व्हिडिओतून नेमकं हेच कापलेलं होतं. वहीतलं माझं म्हणणं तिथेच संपलं.

"काय बोलत आसतील गं?" प्रतीक्षाने विचारलं.

"डब्यात काय आणलंय, दुसरं काय!" ऋतुजा म्हणाली.

मी मात्र त्या ग्लोव्हकडे बघत होते. तोंड झाकून बोलायची परवानगी असलेला खेळ! हा खेळ माझ्यासाठीच काढलाय, असं मला पहिल्यांदा वाटलं.

सर स्क्रीनवरची नजर न काढता म्हणाले, "झाकून बोललेलं बाकावर ऐकू येत नाही हं."

*

जिल्ह्याची मॅच साताऱ्यात झाली. सर बाकावर आणि शेजारी ऋतुजा, पायाला पॅड बांधून तयार.

शेवटचा डाव आला तरी माझा आवाज निघाला नव्हता. चार वेळा तोंड उघडलं, चारही वेळा नुसती हवा आली. बोटांच्या खुणांवर मी कशीबशी निभावून नेत होते. सर दर थोड्या वेळाने हाताची घडी बदलत होते.

आम्ही एका रनने पुढे होतो. समोरच्यांच्या दोघी आउट झालेल्या, तिसरी झाली की मॅच आमची. एक उंच मुलगी तिसऱ्या बेसवर उभी होती. ती घरी, म्हणजे माझ्यापुढच्या प्लेटवर पोचली की बरोबरी. प्रतीक्षाचे लागोपाठ तीन बॉल बाहेर गेले होते.

तेवढ्यात मला दिसलं, की तिसऱ्या बेसवरची मुलगी चार पावलं बाहेर येऊन आपल्या बाकाकडे बघत उभी आहे. अगदी सांगलीतल्या आमच्या ऋतुजासारखी! बॉल तिकडे फेकला की मॅच संपली. पण प्रतीक्षा फक्त माझ्या ग्लोव्हकडे बघत होती आणि याची खूण आम्ही ठरवलीच नव्हती.

मी हात वर केला. अंपायरनी वेळ दिला. पंचवीस पावलं चालत मी प्रतीक्षापर्यंत गेले आणि ग्लोव्हने तोंड झाकलं.

"तिसरीवरची झोपलीय. खेळ सुरू झाला की तिकडं टाक."

"काय?"

"तिसरीवरची झोपलीय. तिकडं टाक."

"ऐकू येत न्हाई. त्यो ग्लोव्ह काड की तोंडावरनं!"

ग्लोव्ह काढला. परत सांगितलं.

"आगं, वारा लय हाय."

वारा! रेघांवरचा चुनासुद्धा हलत नव्हता.

"चला, आटपा!" अंपायर ओरडले.

"येवढी चालत आलीस ती काय माजं तोंड बगायला?" प्रतीक्षा म्हणाली. "बोल की गं!"

माझ्या कानशिलांत काहीतरी तापलं.

"तिसरीवरची झोपलीय! तिकडं टाक!!"

कडेच्या चहाच्या गाड्यावर कप विसळणारा माणूस थांबला. तिसऱ्या बेसवरच्या मुलीने टुणकन मागे उडी मारली आणि दोन्ही पाय जोडून बेसवर उभी राहिली. मग अख्खं ग्राउंड हसायला लागलं.

"बरं," प्रतीक्षा म्हणाली.

परतीची पंचवीस पावलं संपता संपेनात. सरांकडे बघायची हिंमत झाली नाही. मॅच जिंकायची एकच संधी होती, ती मी ओरडून घालवली होती.

पुढचा बॉल माझ्यासमोर जमिनीवर आपटला, पॅडला लागला आणि घरंगळत डावीकडे गेला. चार-पाच पावलं. कुठलीही मुलगी एवढ्यात सहज घरी पोचते.

पण ती उंच मुलगी बेसवरच होती. तिने आधी बॉलकडे बघितलं, मग स्वतःच्या पायांकडे, मग बाकाकडे. "पळ! अगं, पळ!" तिचे सर किंचाळले, तेव्हा कुठे ती सुटली. मी बॉलवर झेप घेतली, उचलला, वळले आणि आडवी पडले. ग्लोव्ह कशाला तरी लागला. डोळ्यांत माती गेली होती.

अंपायर वाकले. तिचा पाय प्लेटपासून वीतभर अलीकडे होता आणि माझा ग्लोव्ह तिच्या घोट्यावर.

"आउट!"

ती मुलगी मातीतच उठून बसली. डोळे भरलेले. माझ्याकडे बघून म्हणाली, "मी झोपले नव्हते गं!"

बाकाजवळ सर खाली बसून ऋतुजाच्या पायाचे पॅड सोडत होते. विभागीयबद्दल ते मला काहीच बोलले नाहीत. नुसतं एकदा स्वतःच्या कानात बोट घालून हलवलं.

प्रतीक्षा बाटलीतून घटाघट पाणी पीत होती. मी तिच्याजवळ जाऊन म्हणाले, "सगळ्या ग्राउंडला ऐकू गेलं. तुला एकटीला कसं नाही गं गेलं?"

तिने बाटलीचं झाकण लावलं.

"मला पयल्याच खेपंला ऐकू आलं हुतं."