लाँड्रीवाल्यांचा फ्रिज

"हम आहे," मी हेडफोन काढत म्हणालो.

"व्हॉट हम?" नबीलने विचारलं.

"विजेचा. गुणगुणतंय काहीतरी. सगळ्या गाण्यांत, पहिल्यापासून शेवटपर्यंत."

"आपल्या मशीनचा?"

"नाही. अमेरिकनांचा."

"देन किल इट, बीदी. संडे मॉर्निंग ट्रक जाणार. यल्ला, क्विक."

नबील आमचा प्रॉडक्शन मॅनेजर, लेबनानचा. त्याच्या जिभेला 'भिडे' कधी जमलं नाही. अकरा वर्षं मी बीदी होतो. दुबई इन्व्हेस्टमेंट्स पार्कमध्ये तेव्हा रस्ते कमी आणि वाळू जास्त होती. तिथल्या एका शेडमध्ये आमची कंपनी कॅसेट भरायची. अरबी गाणी, हिंदी गाणी, मल्याळी नाटकं, जे येईल ते. मी क्यूसी इंजिनिअर. म्हणजे बाहेरून मूळ टेप यायची, तिला मास्टर म्हणतात, ती आधी मी ऐकायची. खरखर, टकटक, आवाज वरखाली, जे काही दोष असतील ते शोधायचे, जमतील तेवढे काढायचे आणि मग माल भरायला परवानगी द्यायची. पुण्यात मी रेडिओच्या उपकरणांवर काम करून आलो होतो. स्टुडिओत कोणाची खुर्ची करकरली तरी आमचे साहेब काचेपलीकडून डोळे वटारायचे. त्या तालमीत तयार झालेला माझा कान. त्याचा मला भारी गर्व होता, आणि तो मी लपवतही नसे.

त्या आठवड्यात आलेली मास्टर एका अमेरिकन बँडची होती. नाव टेन्थ स्ट्रीट लाँड्री. हे लोक इंडी, म्हणजे इंडिपेंडंट. मोठ्या कंपनीचा आधार नाही, स्वतःच गाणी बांधायची, स्वतःच रेकॉर्ड करायची आणि व्हॅनमध्ये सामान टाकून गावोगाव वाजवत फिरायचं. सुरुवात एका लाँड्रीच्या मागच्या खोलीत झाली, म्हणून ते नाव. वेस नावाचा मुलगा गाणार आणि गिटार वाजवणार, त्याची बहीण दुसरी गिटार, आणि एक ड्रमवाला. पहिली रेकॉर्ड तिकडच्या कॉलेजांत थोडी गाजली होती. ही दुसरी. एका छोट्या अमेरिकन कंपनीकडून आमच्या मालकांनी दहा-बारा कॅसेटचे गल्फचे हक्क एकदम घेतले होते. त्यात हे लाँड्रीवाले सोबत आले, भाजीवर कोथिंबीर यावी तसे.

आता हम म्हणजे काय ते सांगतो. घरातली वीज सेकंदाला ठरावीक वेळा उलटसुलट होते. आपल्याकडे आणि दुबईत पन्नास वेळा, अमेरिकेत साठ. कुठे वायरिंग बिघडलं की तो आकडा सुराच्या रूपाने टेपवर उतरतो. मी मीटर लावला. साठ. म्हणजे दोष आपला नाही, त्यांचा. दोषालासुद्धा पासपोर्ट असतो.

शिवाय त्या पोरांच्या गिटारी विचित्र लावलेल्या. सूर पेटीच्या काळी पाचवर नाही, पांढरी सातवरही नाही. दोघींच्या मधोमध कुठेतरी लोंबकळतोय. 'यांना गिटारही लावता येत नाही आणि निघाले रेकॉर्ड काढायला,' असं मी मनात म्हटलं. मनातच कशाला, मोठ्याने म्हटलं.

मग कामाला लागलो. नॉच फिल्टर नावाची एक चाळणी असते. ती बाकी सगळं जाऊ देते आणि नेमका एक सूर अडवते. साठचा अडवला, मग त्याच्या दुपटीचा, तिपटीचा, चौपटीचा. दीड दिवस बसून असं साफ केलं की स्वच्छ पाण्याने धुतल्यासारखं. गाणी जरा किरकोळ वाटायला लागली होती, खोटं कशाला बोलू. पण आवाज निर्मळ होता.

एक पायरी उरली होती. भरायला घेण्याआधी नमुन्याची कॅसेट बँडकडे पाठवायची आणि त्यांचा होकार आला की पुढे जायचं. कुरिअरला जायला-यायला आठवडा. ट्रक रविवारी. आणि आजवर अमेरिकेतून प्रत्येक वेळी एकच उत्तर आलं होतं, ओके. म्हणून फॉर्मवर 'क्लायंट अप्रूव्हल'च्या चौकटीत मीच सही ठोकली. बुधवारी दुपारपर्यंत दीड हजार कॅसेट भरून, वेष्टनं चढवून तयार.

आमच्या डिस्पॅचला आग्नेलो होता. वसईचा, उंच, हसरा. शुक्रवारी सुट्टीला फुजैराच्या एका हॉटेलात लंचला गिटार वाजवायचा. त्याने हा बँड कुठूनतरी ऐकला होता.

"काय भिडेसाहेब, लाँड्री धुऊन झाली?"

"अशी धुतलीय की ओळखू येणार नाही," मी म्हणालो. आणि माझी कलाकुसर कळावी म्हणून त्याला मुद्दाम दोन कॅसेट दिल्या. एक आली तशी, एक धुतलेली. म्हटलं, ऐक आणि फरक सांग.

शनिवारी सकाळी आग्नेलो गिटार खांद्यावर घेऊनच ऑफिसात आला. चेहरा नेहमीचा नव्हता.

"साहेब, रागवू नका. एक दाखवू?"

त्याने न धुतलेली कॅसेट लावली. गाणं सुरू व्हायच्या आधीची चार सेकंदं, जिथे नुसता हम आहे, तिथे थांबला. गिटारची सगळ्यात जाड तार त्या हमशी जुळवली. मग बाकीच्या तारा तिच्याशी लावल्या आणि गाण्याबरोबर वाजवायला लागला. सूर न सूर बसला. मग धुतलेली लावली.

"आता बघा. गाणं उभंच राहत नाही. पायच नाहीत त्याला. ह्यांच्यात बास, म्हणजे खालचा जाड सूर, वाजवणारा कोणी नाय ना. तो हमच बास आहे."

मी हेडफोन लावले. पहिल्यांदा ऐकताना मी हम ऐकला होता आणि गाणं ऐकलं होतं. दोन्ही एकत्र ऐकलंच नव्हतं. गिटारी मधोमध लोंबकळत नव्हत्या. त्या हमवर लावलेल्या होत्या, तंतोतंत. वेस गाताना त्या सुरापासून निघत होता आणि फिरून त्याच सुरावर येऊन टेकत होता.

मी हेडफोन काढून ठेवले. माझी बायको मेधा गाणं शिकवते. आधी पुण्यात, मग आमच्या शारजाच्या फ्लॅटमध्ये रोज सकाळी तंबोरा लागायचा. त्या आवाजात मी वीस वर्षं दाढी केली, चहा प्यायलो. आणि या परक्या पोरांचा तंबोरा मला ओळखू आला नाही. दोष म्हणून मी तो खरवडून काढला होता, तोही चांगला चौपटीपर्यंत.

घरी फोन केला. मेधा आधी हसली.

"म्हणजे तू गवयाच्या मागून तंबोरा काढून घेतलास आणि वर म्हणालास, आता कसं शांत वाटतंय!"

"हसू नकोस. दीड हजार भरल्यात. उद्या ट्रक आहे. सही माझी आहे."

सहीचा अर्थ तिलाही कळत होता. आमचा तिघांचा व्हिसा माझ्या नोकरीवर. मुलीचं दहावीचं वर्ष. नबीलने त्याआधीच्या वर्षी चुकीच्या सहीवरून एका केरळी सुपरवायझरला महिन्याच्या आत घरी पाठवलं होतं.

"त्या मुलांना विचारलंस का?" ती म्हणाली.

"अजून नाही."

"मग मला काय विचारतोस?"

मी नबीलकडे गेलो. सगळं सांगितलं, सहीसकट. त्याने शांतपणे ऐकलं. मग दार लावलं.

"बीदी, हू विल नो? शारजात कोण ओळखणार? ओमानमध्ये कोण ओळखणार? इट्स बेटर नाऊ. क्लीन. खलास."

"त्यांना कळेल."

"हबीबी, अमेरिका इज फार."

"मला कळलंय ना."

"तू कॉल करशील, दे विल से नो, ट्रक विल गो विदाउट, आणि मालक मला विचारेल हूज सिग्नेचर. मी काय सांगू?"

"माझी सांग."

"ॲज यू लाइक," तो म्हणाला आणि फाइल उघडून बसला. म्हणजे चालता हो.

संध्याकाळी सहाला फोन लावला. तिकडे सकाळचे नऊ. वेसनेच उचलला. मी कोण, कुठून बोलतोय हे त्याला समजायला जरा वेळ लागला. दुबईत आपली कॅसेट निघतेय हेही तो बहुधा विसरला होता. मग म्हणाला, "वाव." मी म्हटलं, वाव म्हणू नकोस, आधी ऐक. आणि रिसीव्हर स्पीकरला लावून धुतलेलं गाणं वाजवलं.

गाणं संपलं.

"तुम्ही मॉमचा फ्रिज काढून टाकला," वेस म्हणाला.

मग त्याने सांगितलं. त्यांचा बास वाजवणारा मुलगा पहिल्या रेकॉर्डनंतर नोकरी लागून निघून गेला. लाँड्रीच्या मालकाने खोली परत मागितली. मग तिघं आईच्या स्वयंपाकघरात रेकॉर्ड करायला बसले. तिथे एक जुनाट फ्रिज, त्याच साठच्या सुरात सतत घुमणारा. तो बंद करा म्हटलं तर आई म्हणाली, दूध नासलं तर तुमची गाणी प्यायची का? फ्रिज बंद होईना, नवा बासवाला मिळेना. शेवटी बहिणीने वैतागून गिटार फ्रिजलाच लावली. त्या दिवशी त्यांना पहिल्यांदा वाटलं की आपण एक बँड आहोत.

"कव्हरवर लिहिलंय की," तो म्हणाला.

मी कव्हर काढून बघितलं. गिटार, गिटार, ड्रम्स, यांची नावं. आणि खाली बारीक अक्षरात, बास: किचन. छपाईच्या वेळी ते माझ्या नजरेखालून गेलं होतं. मला वाटलं, अमेरिकन विनोद असेल.

"चूक माझी आहे," मी म्हणालो. "तुला न विचारता केलं. तुझ्या जागी सहीसुद्धा केली."

"परत घालता येईल?"

"तुमची मूळ टेप जशीच्या तशी आहे. तिला मी हात लावलेला नाही."

"मग प्लीज घाला," तो म्हणाला. रागावला नाही. शिव्या दिल्या असत्या तर मला सोपं गेलं असतं.

रविवारचा ट्रक लाँड्रीशिवाय गेला. नबीलने मला वॉर्निंग लेटर दिलं, आणि मालकांसमोर उभं केलं. मालक अरबीत बराच वेळ बोलले, नबीलही मध्ये मध्ये त्यांना काही सांगत होता. नबीलने भाषांतर केलं ते एवढंच, "ही सेज नेव्हर अगेन." तेवढं बोलायला चार मिनिटं लागत नाहीत, हे मलाही कळत होतं. पाठीशी तो कसा उभा राहिला हे त्याने मला कधी सांगितलं नाही. बाहेर आल्यावर म्हणाला, "फ्रायडे इज युवर्स, बीदी. सगळं तू करायचं."

कॅसेट पुसायला एक मोठं लोहचुंबकाचं यंत्र असतं. त्यातून काढली की टेप कोरी. शुक्रवारी मी आणि आग्नेलो सकाळी सातला शेड उघडून बसलो. त्याने फुजैराचं वाजवणं त्या दिवशी सोडलं, विचारल्यावर म्हणाला, "तिकडे काय, लोक जेवत असतात." वेष्टनं फोडायची, पुसायचं, पुन्हा भरायचं, पुन्हा वेष्टन. मेधाने डब्यात मसालेभात दिला होता. स्पीकरवर दिवसभर तेच गाणं, फ्रिजसकट. दुपारनंतर आम्ही दोघंही त्या सुरात गुणगुणायला लागलो होतो. गल्फच्या सगळ्या वर्षांत मला कुठला शुक्रवार आठवत असेल तर हा.

कॅसेट फारशा खपल्या नाहीत. ज्यांनी घेतल्या त्यांतल्या दोघांनी दुकानात परत आणून दिल्या, हम आहे म्हणून.

दोनेक वर्षांनी लाँड्रीवाल्यांची तिसरी मास्टर आली. एव्हाना त्यांना मोठी कंपनी मिळाली होती. खरा स्टुडिओ, खरा बासवाला, मागे व्हायोलिनंसुद्धा. सोबत वेसचं चार ओळींचं पत्र होतं. आईने घर विकलं, फ्रिज भंगारात गेला, यात तुम्हाला काढण्यासारखं काही सापडणार नाही. खाली हसरा चेहरा काढला होता.

मी दार लावून ऐकायला बसलो. गिटारी बरोब्बर पांढरी सहावर. खरखर नाही, हम नाही, वेसचा आवाज मधासारखा. सगळं जागच्या जागी. पुन्हा पहिल्यापासून ऐकलं. कुठेतरी एखादी खुर्ची करकरेल, कोणी खोकेल, म्हणून कान लावून बसलो होतो.

आग्नेलोने डोकं आत घातलं. "कशी आहे हो?"

"एकदम क्लीन," मी म्हणालो.

"अरेरे," तो म्हणाला आणि गेला.

ती रेकॉर्ड तिकडे बरीच चालली म्हणे. त्यानंतर दीडेक वर्षात बँड फुटला. मग सीडी आल्या, मग कॉम्प्युटरवरून फुकट गाणी, आणि आमच्या शेडमध्ये कोणीतरी टाइल्सचं गोडाऊन केलं. मी पुण्याला परत आलो. हल्ली मुलं त्यांची रेकॉर्डिंग घेऊन येतात, काका जरा साफ करून द्या म्हणतात. मी आधी विचारतो, यातलं नको काय आहे ते तुम्हीच सांगा. त्यांना वाटतं म्हाताऱ्याला ऐकू कमी येतं.

त्या तिसऱ्या मास्टरचा फॉर्म तेव्हा मीच भरला होता. दोषांच्या रकान्यात लिहिलं, निल. असा फॉर्म भरला की क्यूसीवाला त्या दिवशी लवकर घरी जातो. मी गेलो नाही. मला फार वाईट वाटत होतं, आणि ते लिहायला फॉर्ममध्ये रकाना नव्हता.