हेलाबाईंनी काढून घेतलेलं पान

बुधवारी सकाळी ऑफिसात मार्टिनचा फोन आला. "फ्लोरा, मॉम गेली," एवढंच तो म्हणाला. त्याची आई, म्हणजे आमच्या हेलाबाई, स्वयंपाकघरातल्या खुर्चीवर बसल्या बसल्याच गेल्या होत्या. आम्हा ज्यू लोकांत माती द्यायला थांबत नाहीत, दुसऱ्याच दिवशी दुपारी त्यांना पुरलं. जमीन गोठलेली होती, ती फोडायला आधी यंत्र आणावं लागलं. ह्याला आता पाच आठवडे झाले.

मी कोकणातली, बेने इस्राएल, मराठी ज्यू. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला आम्ही टोरोंटोला आलो आणि पहिल्याच शनिवारी मी साडी नेसून, वर कोट घालून इथल्या सिनेगॉगात गेले. बायका वळून वळून बघत होत्या. एकीनं तर विचारलंच, "तू खरंच ज्यू आहेस?" तेव्हा एक किरकोळ अंगाच्या बाई सरकल्या, शेजारी जागा केली आणि प्रार्थनेच्या पुस्तकातलं पान मला काढून दिलं. त्या हेलाबाई. नंतर खाली बेसमेंटमध्ये चहा घेताना त्यांनी आपल्या मोडक्या इंग्रजीत विचारलं, "तुमच्याकडे जर्मन आले नव्हते?"

"नाही."

"मग दुसरं कोणी?"

"कोणीच नाही. गावात आम्हाला शनिवार तेली म्हणायचे. शनिवारी आमचा घाणा बंद असायचा ना, म्हणून."

"आणि मग पुढे काय केलं तुम्हाला?"

"काही नाही. नुसतं म्हणायचे."

त्यांनी कप खाली ठेवला. "नुसतं म्हणायचे," असं स्वतःशीच दोनदा म्हणाल्या आणि तिथेच, चारचौघींत, आवाज न करता रडल्या. मला तेव्हा फार संकोच वाटला. आपल्या वाट्याला काही आलं नाही ह्याची कोणाला लाज वाटत असेल का? मला त्या दिवशी वाटली.

हेलाबाई पोलंडमधल्या लोड्झ शहरातल्या. लढाईच्या काळात जर्मनांनी तिथल्या ज्यूंना शहराच्या एका कोपऱ्यात कोंडलं, भोवती तारा ओढल्या, त्या घेटोत त्यांची विशीतली चार वर्षं गेली. आईवडील तिथेच उपासमारीनं गेले. हे सगळं त्यांनी वह्यांमध्ये पोलिश भाषेत लिहून ठेवलं होतं. मी टायपिस्ट आहे कळल्यावर एक दिवस म्हणाल्या, "मी वाचून इंग्रजीत सांगेन, तू टाइप कर." मी म्हटलं, तुमच्या ओळखीत तिकडच्याच कितीतरी बायका आहेत. "त्या नकोत. मी एक ओळ सांगितली की त्या आपल्या चार सांगतात. तुझं तिथे कोणी नव्हतं. तू नुसतं ऐकशील."

दोन हिवाळे दर बुधवारी ऑफिस सुटल्यावर मी त्यांच्या अपार्टमेंटमध्ये जात असे. आठ दिवसांचा पाव मिळायचा, तो तिसऱ्या दिवशी संपला की पुढचे पाच दिवस कसे काढायचे... बटाट्याच्या साली खायला मिळाव्यात म्हणून डॉक्टरची चिठ्ठी कशी मिळवायची... जर्मन सैनिकांच्या टोप्या शिवताना बोटं सुजली तर ती पर्यवेक्षकापासून कशी लपवायची... हे सगळं त्या पाककृती सांगावी तशा सपाट आवाजात सांगत. डोळ्यांत पाणी यायचं ते माझ्याच. मग म्हणायच्या, "आधी पुसून घे. कागद खराब होईल."

दुसऱ्या हिवाळ्याच्या शेवटी एस्तुशाचं पान आलं. एस्तुशा त्यांच्या बहिणीची मुलगी, चार वर्षांची. बहीण क्षयानं गेली, तेव्हापासून हेलाबाईंच्याच कुशीत झोपायची. एक दिवस हुकूम निघाला, दहा वर्षांखालची सगळी मुलं द्या. त्यांनी पोरीला माळ्यावर रजयांच्या मागे बसवलं, आवाज करायचा नाही म्हणून शपथ घातली. खाली चौकात इमारतीतल्या सगळ्यांना रांगेत उभं केलं होतं. मुलांना न सोडणाऱ्या आयांनाही गाडीत चढवत होते. तेवढ्यात मागे जिन्यावर पावलं वाजली. एकटीला भीती वाटली असेल... पोर खाली आली आणि हाक मारू लागली, "हेला! हेला!" पोलिसानं विचारलं, ही कोणाची?

एवढं सांगून हेलाबाईंनी वहीतून मान वर केली. मग म्हणाल्या, "लिही. मी मागे वळले नाही."

मी टाइप केलं. त्यांनी कागद मशीनमधून स्वतः काढला, वाचला, घडी करून एप्रनच्या खिशात घातला. "हे पान नको."

"पण हेलाबाई, हेच तर..."

"हेच तर नको. मार्टिन वाचेल."

त्या पानावाचून बाड तयार झालं. एका प्रकाशकाकडे पाठवलं. पाच महिन्यांनी उत्तर आलं, अशी हस्तलिखितं त्यांच्याकडे पुष्कळ येतात, इंग्रजी सदोष आहे, शिवाय मजकुरात कुठेतरी काहीतरी राहून गेल्यासारखं वाटतं. ते शेवटचं वाक्य हेलाबाईंनी माझ्याकडून दोनदा वाचून घेतलं. त्यानंतर त्यांनी वही उघडली नाही. हळूहळू सिनेगॉगही सुटलं, बोलणंही. मी जायची, आम्ही दोघी खिडकीशी बसून खाली पडणारा स्नो बघायचो. "मी जिवंत राहिले ते कशासाठी, सांग," असं त्यांनी एकदा विचारलं. मी उठून चहा ठेवला.

मागच्या रविवारी अपार्टमेंट रिकामं करायला मी मार्टिनच्या मदतीला गेले. तो शाळेत शिकवतो, पस्तिशीचा आहे. ते पान कुठेही सापडलं नाही, जाळलं असावं. ताटल्या वर्तमानपत्रात गुंडाळता गुंडाळता तो एकदम म्हणाला, "मॉम कधी माझ्या पुढे चालली नाही, माहीत आहे? फुटपाथवर, जिन्यात, दुकानात, कायम माझ्या मागे. मी सोळा वर्षांचा झालो तरी. मुलं हसायची. मला वाटायचं, तिचा माझ्यावर विश्वास नाही."

माझ्या हातातली ताटली तशीच राहिली. सांगावं की नाही? त्यांनी ज्याच्यापासून लपवलं, त्यालाच? पण बाई गेली होती आणि हा पोरगा एक खोटंच मनात धरून बसला होता. मी त्याला एस्तुशाची गोष्ट सांगितली. शेवटचं वाक्यही सांगितलं, त्यांनी सांगितलं होतं तसंच.

त्यानं हातातली ताटली गुंडाळून खोक्यात ठेवली. रडला नाही. माझ्यावर रागावलाही नाही. मग म्हणाला, "मीही माझ्या मुलीच्या मागेच चालतो. मला वाटायचं, सगळेच आईबाप असं चालतात."