इंटू म्हणजे टाइम्स नव्हे

"थ्री इंटू ट्वेल्व्ह?" मी विचारलं.

"फोर," ग्रेस म्हणाली.

ग्रेस नऊ वर्षांची. इंग्लंडमधल्या तिच्या घरी लॅपटॉपसमोर बसलेली. मी इंदूरला, पलासियातल्या ऑफिसात, हेडफोन लावून. आमची कंपनी परदेशातल्या मुलांना ऑनलाइन गणित शिकवते. आधी डेमो होतो, म्हणजे फुकटचा एक तास. आई-वडिलांना पटला तर ते पुढचे क्लास घेतात. माझे आधीचे डेमो कुणाला पटले नव्हते आणि प्रोबेशन संपत आलं होतं. हाही गेला तर नोकरी जाणार, हे मला स्पष्ट सांगितलेलं होतं. टीम लीड देसाई सर माइक बंद करून ऐकत होते.

"नो, थर्टी सिक्स. फाइव्ह इंटू ट्वेंटी?"

"फोर."

डेमोची सुरुवात तोंडी गणितांनी होते, बोर्ड कोराच असतो. स्क्रीनच्या कोपऱ्यात सरांचा मेसेज आला : 'पाढे कच्चे आहेत बच्चीचे. सोपं विचार भिया.' भिया म्हणजे इंदुरी बोलीत भैया. सोपं काही सुचेना.

"सेव्हन इंटू एट?"

ग्रेस थांबली. तिची आई मागे येऊन उभी राहिली. ग्रेस रडवेल्या आवाजात म्हणाली, "वन, रिमेंडर वन?"

रिमेंडर म्हणजे बाकी. गुणाकारात बाकी कुठून येणार? बाकी उरते ती भागाकारात. आठाला सातने भागलं तर एक, बाकी एक. विसाला पाचने भागलं तर चार. बाराला तीनने भागलं तरी चारच. मुलगी एकदाही चुकली नव्हती.

मी बोर्डवर गुणाकाराची फुली काढली आणि विचारलं, "व्हॉट डू यू कॉल धिस?"

"टाइम्स," ग्रेस म्हणाली. एवढंही येत नाही का, अशा नजरेनं तिनं माझ्याकडे पाहिलं. मग आईनं समजावलं की त्यांच्याकडे थ्री इंटू ट्वेल्व्ह म्हणजे बारात तीन किती वेळा जातात.

"सेव्हन टाइम्स एट?"

"फिफ्टी सिक्स." श्वासही घेतला नाही तिनं.

मी सॉरी म्हणालो. तिन्ही उत्तरं तुझीच बरोबर होती, हेही सांगितलं. उरलेला तास मी प्रत्येक चिन्ह आधी काढायचो, नाव तिला विचारायचो. तीन छेद चार लिहून थ्री अपॉन फोर म्हणणार होतो. ती थ्री क्वार्टर्स म्हणाली. आईचा चेहरा शेवटपर्यंत काही सांगत नव्हता.

नंतर सरांनी केबिनमध्ये बोलावलं. मी उभाच राहिलो.

"हे इंटू तुला कोणी शिकवलं?"

"सनावदला, शाळेत, सर."

"मला इथेच, अन्नपूर्णा भागातल्या शाळेत," ते म्हणाले. "बैठ जा यार."

सनावदच्या त्या गणिताच्या सरांना मी दोष देत नाही. आमच्या घरातून कॉलेजात गेलेला पहिला मीच, आणि गेलो तो त्यांच्या गणितावर. त्यांचं इंटू आपल्याकडे आजही चालतंच.

सोमवारी मेल आला. ग्रेसच्या आईनं क्लास घेतले होते, माझ्याकडेच. कंपनीनं मला पर्मनंट केलं नाही, प्रोबेशन वाढवलं. मी तेवढ्यावरही खूश होतो.

एवढं कळलं : मुलानं ठामपणे चुकीचं उत्तर दिलं, तर त्यानं कोणता प्रश्न ऐकला ते आधी विचारावं.