अंदाज मोफत

पोलीस खात्यात तीसेक वर्षं काढली. खून, दरोडे, दंगली सगळं पाहिलं. पण निवृत्तीनंतर कुणी एखादी केस सांगा म्हटलं, की मला आठवते ती एका मशीनची केस. तिच्यात रक्त सांडलं नव्हतं आणि वर्तमानपत्रातही ती कधी आली नाही. तरी इतक्या वर्षांनंतर तिचा तपशील मला जवळजवळ तोंडपाठ आहे.

ऐंशीच्या दशकातली गोष्ट. मी सब-इन्स्पेक्टर होतो आणि अंधेरी पूर्वेच्या एका ठाण्यात नेमणूक होती. विमानतळ जवळ असल्यामुळे परदेशी मालाच्या भानगडी आमच्याकडे रोजच्याच. त्या काळी घरटी नाही तरी चाळीमागे एक माणूस आखातात असायचाच. कुणाचा टीव्ही यायचा, कुणाचा व्हीसीआर, कुणाचं शिलाई मशीन. माल आला की पहिला प्रश्न एकच, ड्यूटी किती बसणार? कस्टमचे नियम इंग्रजीत, दरांची पुस्तकं जाडजूड, आणि दर सारखे बदलणारे. साध्या माणसाला त्यातलं अक्षर कळत नसे.

अशा लोकांसाठी सहार रोडवर एका टायपिंगच्या दुकानाला लागून एक गृहस्थ बसायचे. वय पन्नाशीचं, पांढरा बुशशर्ट, खिशाला दोन पेनं. लोक त्यांना मास्तर म्हणत. पाटी होती, 'परदेशी माल – कस्टम ड्यूटीचा अंदाज मोफत'. मालाचं बिल दाखवलं की मास्तर हिशेब करून चिठ्ठी टाइप करून देत. पुढे माल सोडवून आणायचं कामही तेच करत. त्यांचा अंदाज चुकत नाही अशी ख्याती होती. आमच्या ठाण्यातल्या दोन शिपायांनीसुद्धा त्यांच्याकडून टेपरेकॉर्डर सोडवून घेतले होते.

एके दिवशी सकाळी हजेरी आटोपून मी टेबलाशी बसलो असताना एक बाई आणि तिची मुलगी आल्या. बाई घाटकोपरच्या एका दवाखान्यात आया होती. मूळ जालन्याकडची, नवरा वारलेला. मुलगी सोळा वर्षांची, जन्मापासून अंध. साध्या शाळेत डोळस मुलांबरोबर दहावीत शिकणारी. बाईची बहीण इंग्लंडमध्ये नर्स होती. तिनं भाचीसाठी ब्रेल लिपीत लिहायचं मशीन विमानानं पाठवलं होतं. टाइपरायटरसारखंच, फक्त शाईऐवजी कागदावर टिंबं उठवणारं.

मशीन जूनमध्ये आलं होतं. मास्तरांनी चिठ्ठी करून दिली. ड्यूटीची रक्कम बाईच्या पाच पगारांइतकी होती. बाईनं भिशी मोडली, उसने घेतले, दिवाळीची उचल काढली. पैसे भरून मशीन घरी आलं तेव्हा ऑक्टोबर संपत आला होता.

"मग आता तक्रार काय आहे?" मी विचारलं.

बाईनं एक पत्र पुढे केलं. बहिणीनं लिहिलं होतं, की मशीन विकणाऱ्या दुकानदाराच्या म्हणण्याप्रमाणे असल्या वस्तूला हिंदुस्थानात ड्यूटी लागत नाही.

"मास्तरांना विचारलं?"

"विचारलं ना साहेब. ते म्हणाले, नियम बदलला. तुमच्या बहिणीला काय ठाऊक."

मी घड्याळाकडे पाहिलं. दोन आरोपी कोर्टात न्यायचे होते. मी म्हटलं, "बाई, मशीन मिळालं, पावती मिळाली. हिशेबात चूक झाली असेल तर कस्टमकडे अर्ज करा. अंदाज चुकला म्हणजे गुन्हा होत नाही."

बाई उठलीसुद्धा. मुलगी मात्र बसून राहिली. माझे हवालदार मालवणचे, नोकरीत माझ्यापेक्षा पंधरा वर्षांनी जुने. ते हळूच म्हणाले, "सायबानू, चेडवाक कायतरी सांगाचा आसा. ऐकान तरी घेवा."

मघाशी मला दाखवून पिशवीत ठेवलेले दोन कागद मुलीनं पुन्हा काढले. एक जूनमधली मास्तरांची अंदाजाची चिठ्ठी. दुसरी ऑक्टोबरमधली ड्यूटी भरल्याची पावती. छापील फॉर्म, त्यावर टाइप केलेला मजकूर, खाली गोल शिक्का.

"सर, ही चिठ्ठी मास्तरांनी केली ना?"

"हो."

"आणि ही पावती सरकारी ऑफिसातली?"

"तसंच दिसतंय."

"मग दोन्ही एकाच मशीनवर कशा झाल्या? हात लावून बघा ना. जिथं पूर्णविराम आहे तिथं कागदाला भोक पडलंय. दोन्हीकडे. आणि दोन्हीकडे एक अक्षर खाली घसरतं. मला ते वाचता येत नाही, पण ते प्रत्येक ओळीत लागतं बोटाला."

मी कागद उजेडासमोर धरले. पूर्णविरामांच्या जागी सुईनं टोचल्यासारखी भोकं होती. इंग्रजी 'आर' सगळीकडे ओळीखाली उतरला होता. मी तेच कागद दहा मिनिटांपूर्वी वरपासून खालपर्यंत वाचले होते आणि मला काही दिसलं नव्हतं.

मी बाईला परत बसवलं आणि फिर्याद लिहून घेतली.

त्याच दिवशी दुपारी पावतीचा नंबर घेऊन मी विमानतळाच्या कार्गो कॉम्प्लेक्समध्ये, म्हणजे जिथं माल उतरतो तिथं गेलो. तिथले अप्रेझर, म्हणजे मालाची किंमत ठरवणारे अधिकारी, सभ्य गृहस्थ होते. त्यांनी रजिस्टर पाहून सांगितलं की अशा नंबरची पावती त्यांच्याकडून निघालेलीच नाही. मी म्हटलं, मला हिशेब कसा करतात ते एकदा शिकवा. त्यांनी कागद घेतला. मालाची किंमत, त्यात विमानभाडं, त्यात विमा. ही झाली आकारणीची किंमत. तिच्यावर मूळ ड्यूटी, मग जादा ड्यूटी, मग आणखी एक. मास्तरांची चिठ्ठी त्या कागदाशेजारी ठेवली. इतर कुठल्या साध्या यंत्राला जो आकडा आला असता, तो बरोबर तोच होता.

"माणूस हुशार आहे," अप्रेझर म्हणाले. "फक्त अंधांच्या उपकरणाला डॉक्टरांचा दाखला जोडला की ड्यूटी माफ असते. एवढंच त्यानं धरलेलं नाही."

मास्तरांना ठाण्यात आणलं आणि पंचांसमक्ष त्यांचा टाइपरायटर जप्त केला. दोन ओळी टाइप करून पाहिल्या. पूर्णविरामानं कागदाला भोक पाडलं.

चौकशीत मास्तर अजिबात डगमगले नाहीत. मी चढा आवाज काढला नाही, कारण अशा माणसापुढे आवाजाचा उपयोग होत नसतो. ते मलाच समजावत होते.

"साहेब, पावती ओली होऊन खराब झाली होती. बाईंना कागद हवा म्हणून मी नक्कल करून दिली, नंबर नीट वाचता आला नसेल. ती माझी चूक. पण पैसे मी भरले. माफीचा नियम मला ठाऊक नव्हता. अंदाज चुकला म्हणजे गुन्हा होत नाही."

मी बाईला म्हटलेलं वाक्य त्यांच्या तोंडून जसंच्या तसं आलं. मला ते चांगलंच टोचलं. आणि मुद्दाही खरा होता. नियम माहीत असून फसवलं, हे सिद्ध झाल्याशिवाय चारशे वीस कलम टिकणार नव्हतं.

संध्याकाळी मी हवालदारांना शेजारी बसवलं, चहा मागवला आणि साध्या गप्पा सुरू केल्या. मास्तर पंधरा वर्षं एका क्लिअरिंग एजंटकडे, म्हणजे कस्टममधून माल सोडवून देणाऱ्याकडे, कारकून होते. धंदा बुडाला, मालकानं रातोरात टाळं लावलं आणि हे रस्त्यावर आले. बोलता बोलता एक गोष्ट माझ्या लक्षात आली. त्यांना पैशांबद्दल बोलायला आवडत नव्हतं, पण दरांबद्दल विचारलं की चेहरा उजळायचा.

मी हवालदारांना म्हटलं, "विचारा हो, ह्यांना सगळे दर पाठ आहेत म्हणतात."

हवालदारांनी ओळखलं. ते एकेक वस्तू विचारू लागले. व्हीसीआर. शिलाई मशीन. कॅमेरा. मिक्सर. मास्तर डोळे मिटून उत्तरं देत होते, वर कुठला दर कधी बदलला तेही सांगत होते. मी कागदावर टिपून घेत होतो. मनगटी घड्याळ. स्वेटर विणायचं मशीन. आंधळ्या माणसाचं लिहायचं मशीन.

"निल," मास्तर म्हणाले. "दाखला लागतो."

मग त्यांनी डोळे उघडले. चहाचा कप हातात तसाच राहिला.

"तुम्ही बाईकडून दाखला मागितला होतात ना, मास्तर?" मी विचारलं. "जूनमध्येच?"

त्यांनी मान हलवली. पोलिसांपुढची कबुली कोर्टात टिकत नाही, हे मला ठाऊक होतं. मी म्हटलं, "खरे कागद कुठे आहेत, ते दाखवा." त्यांनी पंचांसमोर निवेदन दिलं आणि आम्ही त्यांना घेऊन बोरिवलीला त्यांच्या घरी गेलो.

दोन खोल्या होत्या. पलंगाखालच्या ट्रंकेत सुतळीनं बांधलेले गठ्ठे मिळाले. निरनिराळ्या वीस-बावीस लोकांचे खरे कागद होते. कुणाला सवलत होती, कुणाला माफी. त्या प्रत्येकाकडून पूर्ण ड्यूटी घेतलेली. सगळ्यांना माल मिळाला होता, म्हणून एकानंही तक्रार केली नव्हती. माल हातात पडला की माणूस पावती बघत नाही.

बाईचा कागदही त्यात होता. ड्यूटी माफ, असा शेरा. तारीख वाचून मी पुन्हा वाचली. मशीन आलं त्याच आठवड्यात सुटलं होतं. जूनमध्येच.

"मग चार महिने मशीन होतं कुठं?"

मास्तरांची बायको दाराशी उभी होती. तिला यातलं काही माहीत नव्हतं, हे तिच्या उत्तरावरूनच कळलं.

"ते लिहायचं मशीन ना? कपाटावर होतं की. चादरीत गुंडाळून ठेवलेलं. कुणाचं तरी नाजूक सामान आहे, हात लावू नको म्हणाले. मी नुसती वरची धूळ पुसायचे." मग नवऱ्याकडे बघून तिनं विचारलं, "कुणाचं होतं ते?"

सगळ्या चौकशीत मास्तरांची मान खाली गेलेली मी तेवढीच एकदा पाहिली.

खटला अंधेरी कोर्टात चालला. टाइपरायटरबद्दल तज्ज्ञांचा अहवाल आमच्या बाजूनं आला. मुलीची साक्ष झाली. मास्तरांच्या वकिलांनी तिला चार वेगवेगळ्या मशीनवरचे कागद दिले आणि ओळखायला सांगितलं. तिनं बोट फिरवून मास्तरांचा कागद बाजूला काढला आणि म्हणाली, "हा." मॅजिस्ट्रेट साहेबांनी तो हातात घेऊन उजेडात धरला. मास्तरांना दोन वर्षांची शिक्षा झाली आणि फसवलेल्या लोकांना भरपाई देण्याचा हुकूम झाला.

निकालाच्या दिवशी मी थोडा खुशीत होतो. व्हरांड्यात बाई आणि मुलगी भेटल्या. मी म्हटलं, "बाई, तुमचे पैसे मिळतील आता."

"मिळतील साहेब. तुमचे उपकार आहेत." बाई जरा थांबली. "पण हिचं वर्ष गेलं. मशीन नव्हतं म्हणून टिपणं काढता आली नाहीत, सहामाही बुडाली. शाळेनं मार्चचा फॉर्म भरू दिला नाही. बरोबरच्या पोरी कॉलेजात गेल्या. ते मी कुणाकडे मागू?"

मुलगी म्हणाली, "जाऊ दे ना गं आई." पुढच्या मार्चमध्ये ती पास झाली, आणि नंतर एका बँकेत टेलिफोन ऑपरेटर म्हणून लागल्याचं हवालदारांकडून कळलं.

मी केस डायरीत लिहिलं होतं, 'फिर्यादीचे नुकसान', आणि पुढे रुपयांचा आकडा. आमच्या कागदात तेवढीच जागा असते. मास्तरांचा हिशेबही तेवढाच होता. एवढे पैसे घेतले, माल दिला, प्रकरण संपलं. पहिल्या दिवशी बाईला परत पाठवायला निघालो तेव्हा मीही तसाच विचार केला होता.

त्यानंतर निवृत्त होईपर्यंत फसवणुकीची फिर्याद लिहून घेताना मी रक्कम विचारून झाल्यावर आणखी एक प्रश्न विचारत असे. यामुळे तुमचं काय थांबलं? बहुतेक लोक आधी गोंधळायचे. मग कुणी लग्न सांगायचं, कुणी ऑपरेशन, कुणी गावाकडचं छप्पर. कायद्याला त्या उत्तराची गरज नव्हती. मी ते लिहून ठेवत असे, आणि ज्या दिवशी ते लिहिलं असेल त्या दिवशी तपास उद्यावर ढकलायला मन होत नसे.