गोजाबाईच्या गैरहजेरीचे कारण

१९२७ सालच्या कार्तिकात सोलापूरच्या कोर्टाच्या ओसरीवर मी नक्कल मिळण्याची वाट पाहत बसलो होतो. एका सहशिक्षकाविरुद्धची माझी अब्रुनुकसानीची फिर्याद माझ्या गैरहजेरीमुळे निकालात निघाली होती. त्या दिवशी शाळेत इन्स्पेक्टर आले होते, हे खरे कारण मी फिर्याद पुन्हा चालवावी म्हणून केलेल्या अर्जात लिहिले. वरच्या कोर्टाने ते अपुरे ठरवले. खऱ्या कारणांवरचा माझा विश्वास तेव्हाच उडाला.

गोजाबाई तिथे भेटली. मंगळवेढ्याकडची धनगर विधवा, खांद्यावर घोंगडी. तिच्या मयत नवऱ्याचा ढोल दीर तात्याबाने जत्रेपुरता म्हणून नेला आणि परत दिला नाही, ही तिची फिर्याद. चैत्रातल्या तारखेला तिच्या नावाचा तीनदा पुकारा झाला. ती नव्हती, दीर सुटला. पुढे मेंढरांमागे हिंडण्यात तशा अर्जाची मुदतही टळली.

"मास्तर, तुमी अर्ज लिवता म्हनं?"

मी लिहिले : फिर्यादी तापाने अंथरुणास खिळली होती. रिवाजाप्रमाणे वाचून दाखवले. तिने पुढे केलेला अंगठा मागे घेतला.

"ताप कुनाला आलता?"

"तुम्हाला. माझे खरे कारण इथे चालले नाही. कोर्टाला तापच समजतो, बाई."

"मग तुमालाबी आनायचा व्हता की!"

मी टाक खाली ठेवला. "मग त्या दिवशी होता कुठे?" मी विचारले.

"आदल्या दिशीच निगाले. भीमा उतरले, तर फुडल्या गावात जत्रा. ढोल वाजत व्हता. धनी डावखुरे, एका अंगाचं कातडं त्येनी जरा सैल ठिवल्यालं. त्यो घुमला की पोटात कळतं. वाजवनारा परका, पर आवाज आमचाच. बांदावर बसले. दुसऱ्या दिशी उन्हं उतरली तवा वाजायचा थांबला."

"दीर इथे कोर्टात, ढोल तिथे! मागून घ्यायचा होता."

"मागितला असता तर थांबला असता न्हवं?"

मी पहिला कागद फाडला आणि तिने सांगितले तसे लिहिले. तिने अंगठा उठवला. मार्गशीर्षात अर्ज पुढे आला. साहेबांनी तो वाचला, चष्म्यावरून तिच्याकडे पाहिले आणि दोन ओळींत निकाल दिला : ढोल ऐकत बसणे हे गैरहजेरीचे सबळ कारण नव्हे, विलंबही क्षम्य नाही, अर्ज नामंजूर.

बाहेर कडुलिंबाखाली मी तिला निकालाचा अर्थ सांगितला. ढोल आता कायद्याने मिळणार नाही, हेही सांगितले. 

"तात्याबा तिथल्या जत्रंला ढोल देतोच दरसाल," ती म्हणाली. बोटांवर मोजले. "चैताला चारच म्हयनं ऱ्हायलं की."

घोंगडी सावरून ती वाटेला लागली. माझ्या पिशवीत माझ्या निकालाची नक्कल होती. जिच्यासाठी बांधावर बसून राहावे, अशी एकही ओळ तीत नव्हती.